मनोविकार वाढले की मोजणी वाढली?

तळटीप

या मंचावरच्या जाणकारांकडून मदत हवी आहे. आमच्या वाचनगटात पुढच्या बैठकीचा विषय ‘समाजाचं मानसिक आरोग्य: काल आणि आज’ असा आहे आणि सुरुवात मी करायची असं ठरलंय. (ठरलंय म्हणजे, बाकीच्यांनी ठरवलंय.)

आत्ताच दोन तट पडलेत. एका बाजूला माझ्या सासूबाई, “आमच्या वेळी असली थेरं नव्हती.” दुसऱ्या बाजूला मानसशास्त्र शिकणारी भाची, “होती गं मामी, पण कुणी विचारत नव्हतं.” दोघींचा आवाज सारखाच ठाम, पुरावा सारखाच शून्य. नेटवर शोधलं तर सगळे आलेख १९९० पासून सुरू होतात आणि वर वर जातात. त्याआधीची माणसं काय करत होती?

माझे प्रश्न दोनच आहेत. एक, त्याच वस्तीला, त्याच फूटपट्टीने, पन्नासेक वर्षं कुणी मोजलंय का? दोन, कुठल्याही समाजात मानसिक आजार किंवा त्यातून होणारे मृत्यू खरोखर *कमी* झालेत का? ‘जागरूकता वाढली’ हे उत्तर नको. आकडा खाली आला, असं हवंय.

व्हिडिओच्या लिंका देऊ नका, ही नम्र विनंती.

वाऱ्यावरची

दुसऱ्याचं उत्तर सोप्पंय, सगळ्यांचे मोबाईल काढून घ्या. पहिल्यावर जाणकारांच्या प्रतीक्षेत.

जुनी_नोंदवही

मी डॉक्टर नाही. एका मनोरुग्णालयाच्या अभिलेख विभागात नोकरी झाली. आजारी माणसांपेक्षा त्यांचे कागद जास्त पाहिले, त्यामुळे माझा कल कागदाकडे झुकलेला आहे, हे धरून वाचा.

जुन्या भरती-नोंदवहीत एक रकाना असायचा: ‘आजाराचे कारण’. रुंदी जेमतेम दोन बोटं. त्यात कारकुनाने लिहिलेलं असे: शोक. मग त्याखाली कित्ता. त्याखाली कित्ता. पान संपेपर्यंत कित्ता. मधेच शाई बदललेली, म्हणजे दिवस बदलला, कारकूनही बदलला असेल, पण कित्ता चालूच. पुढच्या पानावर नवा माणूस बसला की तोच रकाना ‘ताप’ने सुरू व्हायचा. या पानांवरून कुणी टक्केवारी काढली तर एका महिन्यात शोकाची साथ आली आणि पुढच्या महिन्यात तापाची, असं छान सिद्ध होईल. म्हणून जुना आकडा कुणी तोंडावर फेकला की मी आधी विचारतो, रकाना कुणी भरला?

हा विनोद नाही, याने इतिहास घडलाय. अमेरिकेच्या १८४० च्या जनगणनेत ‘वेडे’ पहिल्यांदा मोजले. निकाल काय, तर उत्तरेकडच्या स्वतंत्र कृष्णवर्णीयांमध्ये वेडाचं प्रमाण दक्षिणेतल्या गुलामांपेक्षा कितीतरी पट जास्त. गुलामगिरीच्या समर्थकांना हवाच होता असा आकडा. परराष्ट्रमंत्री जॉन कॅल्हून यांनी १८४४ मध्ये ब्रिटिश राजदूताला लिहिलेल्या पत्रात तो वापरला: बघा, स्वातंत्र्य यांना झेपत नाही! एडवर्ड जार्विस नावाचा मॅसॅच्युसेट्सचा डॉक्टर हे तक्ते घेऊन बसला आणि गावागणिक जुळवू लागला. काही गावांत कृष्णवर्णीय रहिवासी शून्य, पण कृष्णवर्णीय वेडे मात्र नोंदलेले. वूस्टर गावात असे १३३ दाखवले होते. ते निघाले तिथल्या सरकारी मनोरुग्णालयातले गोरे रुग्ण, चुकीच्या रकान्यात पडलेले. अमेरिकन स्टॅटिस्टिकल असोसिएशनने संसदेकडे रीतसर निवेदन दिलं. जनगणना दुरुस्त झाली नाही.

डॉक्टर मोजायला लागले म्हणून प्रश्न सुटला असंही नाही. १९६० च्या दशकात न्यूयॉर्कच्या रुग्णालयांत स्किझोफ्रेनियाचे रुग्ण लंडनच्या मानाने फारच जास्त दिसायचे. हवामान, शहरी जीवन, वंश, सगळी कारणं सुचवून झाली. मग दोन्हीकडच्या डॉक्टरांना रुग्णांच्या त्याच त्या चित्रफिती दाखवल्या. त्यातल्या एका रुग्णाला अमेरिकेतल्या ६९ टक्के डॉक्टरांनी स्किझोफ्रेनिया म्हटलं आणि ब्रिटनमधल्या २ टक्के. आजार तोच, चित्रफीत तीच! एकाच पद्धतीच्या मुलाखतीने तपासल्यावर दोन शहरांतला बराचसा फरक विरून गेला. पुढे १९८० मध्ये डीएसएमच्या, म्हणजे मनोविकारांच्या निदानाच्या अमेरिकी नियमपुस्तिकेच्या, तिसऱ्या आवृत्तीत लक्षणांच्या काटेकोर याद्या आल्या, त्यामागे अशा प्रसंगांची नामुष्कीही होती. तुमचे आलेख १९९० पासून का सुरू होतात, त्याचं अर्धं उत्तर यात आहे. त्याआधी देशादेशांत सारखी फूटपट्टीच नव्हती.

आता तुमचा पहिला प्रश्न. हो, मोजलंय. दोन अभ्यास सांगतो.

कॅनडाच्या अटलांटिक किनाऱ्यावर ‘स्टर्लिंग काउंटी’ या टोपणनावाच्या भागात अलेक्झांडर लेटन यांनी १९४८ मध्ये काम सुरू केलं. रुग्णालयात आलेले नाहीत, घरी बसलेले प्रौढ लोक मोजले. १९५२, १९७० आणि १९९२, अशी तीन सर्वेक्षणं. नैराश्याचं प्रमाण तिन्ही वेळा साधारण ५ टक्के. चाळीस वर्षांत टीव्ही आला, नोकऱ्या बदलल्या, कुटुंबं बदलली, एकूण आकडा जागचा हलला नाही. फक्त १९९२ मध्ये आतली वाटणी बदललेली दिसली, तरुण स्त्रियांचं प्रमाण वाढलं होतं. म्हणजे भाची बरीचशी पास, सासूबाई नापास, पण तरुण स्त्रियांपुरते त्यांनाही थोडे गुण.

पण लगेच खूश होऊ नका. स्वीडनमध्ये लुंडबी म्हणून अभ्यास आहे. १९४७ मध्ये चार मनोविकारतज्ज्ञांनी दक्षिणेकडच्या एका भागातले झाडून सगळे रहिवासी तपासले, २५५० माणसं. नमुना-बिमुना भानगड नाही, सगळेच. १९५७, १९७२ आणि १९९७ मध्ये पुन्हा, आणि गाव सोडून गेलेल्यांनाही शोधून काढलं. तिथे १९५७ ते ७२ या काळात नव्याने नैराश्य येण्याचं प्रमाण आधीच्या दशकापेक्षा वाढलेलं दिसलं, तरुण पुरुषांत तर खूपच. १९८२ मध्ये त्या संशोधकांनी ‘आपण विषादाच्या युगात शिरतोय का?’ असा सवाल टाकला. आणि पुढच्या पंचवीस वर्षांत प्रमाण पुन्हा खाली आलं.

तेव्हा ‘दर पिढीला वाढतंच चाललंय’ हे या दोन्ही ठिकाणी दिसत नाही. एका जागी स्थिर, दुसऱ्या जागी चढ आणि मग उतार. यापुढे जाऊन सगळ्या जगाबद्दल बोलणाऱ्याला रकान्याचा प्रश्न विचारावा.

दुसरा प्रश्न मोठा आहे. जेवून येतो.

तळटीप

नोंदवहीकाका, दंडवत. १३३ चा किस्सा बैठकीत सांगणारच. पण दुसऱ्याचं उत्तर आल्याशिवाय झोपू नका.

जुनी_नोंदवही

आलो.

आकडा खाली आलाय, आणि जिथे सर्वांत ठळक आला तिथे बहुधा मनोविकारतज्ज्ञ खोलीत नव्हते, असं माझं मत आहे. पटेल न पटेल.

पहिलं उदाहरण मनोरुग्णालयाच्या आतलंच. एकोणिसाव्या शतकात आणि विसाव्याच्या सुरुवातीला युरोप-अमेरिकेतल्या वॉर्डांत एक मोठा गट असायचा: आधी बडेजावाचे भ्रम, मी सम्राट आहे वगैरे, मग बोबडी वळायची, मग हातपाय जायचे, मग मृत्यू. याला ‘जनरल पॅरालिसिस’ म्हणत. दारू, अतिकाम, वासना, आधुनिक जीवनाची धावपळ, काय काय कारणं लिहिली गेली! १९१३ मध्ये नोगुची आणि मूर यांना अशा रुग्णांच्या मेंदूतच सिफिलिस या गुप्तरोगाचे जंतू सापडले. वॅग्नर-याउरेग यांनी १९१७ मध्ये मलेरियाचा ताप आणवून उपचार केले, १९२७ मध्ये त्यांना नोबेल मिळालं. मग चाळीसच्या दशकात पेनिसिलिन आलं आणि तो वॉर्ड हळूहळू रिकामा झाला. आज मनोविकार शिकणाऱ्या विद्यार्थ्याला असा रुग्ण क्वचितच पाहायला मिळतो.

दुसरं, पेलाग्रा. अमेरिकेच्या दक्षिणेतली मनोरुग्णालयं आणि अनाथालयं याने भरलेली. अंगावर चट्टे, जुलाब आणि बुद्धिभ्रंश. संसर्ग आहे, असं ठाम मत होतं. सरकारने १९१४ मध्ये जोसेफ गोल्डबर्गर यांना पाठवलं. त्यांनी एक साधी गोष्ट टिपली: रुग्णांना पेलाग्रा होतो, पण त्यांच्यातच दिवसभर वावरणाऱ्या परिचारकांना होत नाही. मग संसर्ग कसला? त्यांनी मिसिसिपीतल्या अनाथालयांत आणि जॉर्जियातल्या मनोरुग्णालयात जेवण बदललं. दूध, अंडी, मांस, कडधान्य वाढवलं आणि आजार ओसरला. तरी विरोधकांना पटेना, तेव्हा त्यांनी आणि सहकाऱ्यांनी रुग्णांच्या रक्ताच्या सुया टोचून घेतल्या, खपल्याही गिळल्या. कुणालाच काही झालं नाही. नायसिन या जीवनसत्त्वाने हा आजार बरा होतो, हे १९३७ मध्ये कळलं. त्यानंतर पिठातच जीवनसत्त्व मिसळायला लागले आणि वेडाचा एक अख्खा प्रकार तिथून गेला. समुपदेशन नाही, जागृती सप्ताह नाही. पीठ!

तिसरं माझ्या सगळ्यात आवडीचं, कारण यात कुणाचाच हेतू चांगला नव्हता. म्हणजे वाईटही नव्हता, हेतूच नव्हता. इंग्लंड-वेल्समध्ये घरोघरी कोळशापासून केलेला गॅस यायचा, त्यात कार्बन मोनॉक्साइड भरपूर. १९६३ मध्ये तिथे ५,७१४ आत्महत्या झाल्या, त्यातल्या २,३६८ या गॅसने. मग स्वस्त पडतो म्हणून गॅस करण्याची पद्धत बदलली, पुढे उत्तर समुद्रातला नैसर्गिक वायू आला, विषारी अंश जवळजवळ नाहीसा झाला. १९७५ मध्ये एकूण आत्महत्या ३,६९३. गॅसच्या २३. त्याच काळात युरोपात बहुतेक ठिकाणी आत्महत्या वाढत होत्या. सुरुवातीला याचं श्रेय १९५३ मध्ये निघालेल्या सॅमॅरिटन्स या संस्थेच्या हेल्पलाइनला दिलं गेलं, नंतरच्या तपासणीत ते टिकलं नाही.

‘ज्याला मरायचं तो मार्ग शोधतोच’ हे वाक्य आपण सगळे म्हणतो. हे आकडे बघून ते म्हणवत नाही. एकूण संख्या दोन हजारांनी उतरली, म्हणजे बहुतेकांनी दुसरा मार्ग शोधला नाही. ती घटका टळली आणि माणूस जगला. श्रीलंकेने सर्वांत विषारी कीटकनाशकांवर टप्प्याटप्प्याने बंदी घातली. तिथे १९९५ मध्ये लाखामागे ५७ आत्महत्या होत्या, २०१५ मध्ये १७.

तुमच्या बैठकीत कुणी ‘मग उपाय काय’ विचारलं तर मी म्हणेन, आधी कारखाना, पाइपलाइन आणि दुकानाचं कपाट बघा.

वॉर्डसिस्टर

नोंदवहीकाकांशी अर्धी सहमत, अर्धी भांडायला आले आहे.

तुम्ही उदाहरणं निवडून घेतलीत, काका. सिफिलिसला जंतू होता, पेलाग्राला जीवनसत्त्व होतं. स्किझोफ्रेनिया आणि बायपोलरला असा एक खिळा नाही, जो उपटला की दार उघडेल. तिथे औषधानेच फरक पडलाय आणि तो मी हाताने टोचून पाहिलाय. आमच्या बाह्यरुग्ण विभागात महिन्याच्या इंजेक्शनला येणारे एक गृहस्थ आहेत. बाही वर करता करता घड्याळ बघतात, कारण ऑफिसात परत जायचं असतं. “सिस्टर, जरा लवकर” म्हणून माझ्यावर वैतागतात. १९५० च्या आधी या माणसाचं काय झालं असतं ते तुमच्याच नोंदवहीत असेल. बायपोलरवरचं लिथियम १९४९, स्किझोफ्रेनियावरचं क्लोरप्रोमाझिन १९५२. पिठाच्या यादीत हेही घाला.

आणि औषधं आली म्हणून सगळं सुरळीत झालं असंही नाही. अमेरिकेत १९५५ मध्ये सरकारी मनोरुग्णालयांत साडेपाच लाखांच्या वर माणसं होती. पुढे ती रिकामी केली, पण बाहेर जी केंद्रं उभारायची होती ती पुरेशी उभी राहिली नाहीत. बरेच जण रस्त्यावर, बरेच तुरुंगात. आलेखावर ‘मनोरुग्णालयातील रुग्ण’ ही रेघ मात्र सुंदर खाली येते. इटलीने १९७८ मध्ये मनोविकारतज्ज्ञ बासाग्लिया यांच्या चळवळीनंतर मनोरुग्णालयं बंद करण्याचा कायदा केला, पण तिथल्या त्रिएस्ते शहरामध्ये आधी वस्तीत चोवीस तास चालणारी केंद्रं उघडायला सुरुवात केली होती. क्रम महत्त्वाचा.

अवांतर: मनोरुग्णांच्या साखळ्या तोडणारा फ्रेंच डॉक्टर पिनेल सगळ्यांना माहीत असतो, चित्रही प्रसिद्ध आहे. पॅरिसच्या बिसेत्र रुग्णालयातल्या साखळ्या १७९७ मध्ये काढल्या त्या पुसँ नावाच्या वॉर्डप्रमुखाने. तो स्वतः तिथे कधीकाळी गंडमाळेचा रुग्ण म्हणून आलेला, आणि तेव्हा पिनेल दुसऱ्या रुग्णालयात गेले होते. पिनेल यांनी स्वतः त्याला श्रेय दिलंय. चित्रकारांनी दिलं नाही. आम्हा वॉर्डवाल्यांना याची सवय आहे.

नाव_नको

इथे रुग्ण म्हणून लिहितोय, बाकी ओळख नको.

वर सगळे ५ टक्के, २ टक्के चाललंय. मी त्या टक्क्यांतला. गेली बरीच वर्षं मी बरा आहे, म्हणजे गोळ्या चालू, नोकरी चालू, भांडणं नेहमीइतकीच. तुमच्या सर्वेक्षणात ‘कधी आजार झाला होता का’ विचारलं तर मी होय म्हणणार आणि आकड्यात बसणार. माझं बरं असणं कुठल्या रकान्यात जातं?

हा विषय समाजापुढे आणणारा क्लिफर्ड बिअर्स हाही रुग्णच होता. येलचा पदवीधर, आत्महत्येचा प्रयत्न, मग तीन रुग्णालयं, तिथली मारहाण आणि बांधून ठेवणं. १९०८ मध्ये त्याने ते सगळं पुस्तकात लिहिलं आणि १९०९ मध्ये अमेरिकेत राष्ट्रीय समिती उभी केली. चळवळीला मानसिक ‘आरोग्यरक्षण’ हे नाव मनोविकारतज्ज्ञ अडॉल्फ मायर यांनी सुचवलं. रुग्णाच्या तक्रारीतून सुरू झालेली गोष्ट.

पण ‘समाजाचं मानसिक आरोग्य सुधारायचं’ हे वाक्य ऐकलं की मी जरा सावरून बसतो. त्याच काळात सुधारणेचा एक अर्थ असाही होता की आमच्यासारख्यांना मुलंच होऊ द्यायची नाहीत. सक्तीच्या नसबंदीचा पहिला कायदा इंडियानात, १९०७. मग कितीतरी राज्यांत. १९३३ चा जर्मन कायदा स्किझोफ्रेनिया आणि बायपोलरचं नाव घेऊन होता, आणि ऑगस्ट १९४१ पर्यंत तिथे सत्तर हजार रुग्ण आणि अपंग माणसं गॅसने मारली गेली. काका, रुग्णसंख्या त्यानेही ‘कमी’ झालीच. ताई, तुम्ही ‘आकडा खाली आला असं हवंय’ लिहिलंय, म्हणून हे लिहावंसं वाटलं. राग नाही.

जुनी_नोंदवही

नाव_नको, रकाना नाही हे खरंय. आमच्या नोंदवहीत शेवटचा रकाना होता ‘निकाल’: बरा, सुधारला, तसाच, पळाला, मयत. ‘सुधारला’ म्हणजे घरी नेला, एवढंच. पुढे काय झालं ते विचारायला कुणी जायचं नाही, त्याचं कामच नव्हतं ते. लुंडबीवाले गेले, म्हणून मला त्यांचं कौतुक.

सिस्टर, लिथियम यादीत घातलं. खिळ्याचा मुद्दाही मान्य, पण गॅसला खिळा नव्हता. त्या हजारो घरांत कुणाचाही आजार बरा केला नव्हता, तरी माणसं वाचली. त्यावर मी हटणार नाही.

वॉर्डसिस्टर

नका हटू. आमच्याकडेही गोळ्या आता एकदम महिन्याच्या देत नाहीत, आठवड्याच्या देतात. तुमचाच मुद्दा.

वाऱ्यावरची

आणि मोबाईलचं काय?? कुणीच बोललं नाही.

जुनी_नोंदवही

बोलतो. कोविडच्या साथीच्या पहिल्या वर्षात जगभर चिंता आणि नैराश्य २५ टक्क्यांनी वाढलं, असं जागतिक आरोग्य संघटनेने २०२२ मध्ये सांगितलं. २०२० च्या पहिल्या काही महिन्यांत २१ देशांच्या आकडेवारीत आत्महत्या मात्र वाढलेल्या दिसल्या नाहीत, काही ठिकाणी अपेक्षेपेक्षा कमीच. एकाच वर्षी दोन मापं दोन दिशांना गेली. एवढी मोठी उलथापालथ असून ही गत, तर मोबाईलवर एका ओळीत निकाल मागू नका. वेगळा धागा काढा, येतो.

तळटीप

सगळ्यांचे आभार. नाव_नको, तुमचं म्हणणं बरोबर आहे. बैठकीतला दुसरा प्रश्न बदलून ‘आकडा खाली आला तेव्हा नेमकं काय कमी झालं, आणि कुणी केलं’ असा घेते. सासूबाईंना गॅसची गोष्ट सांगितली. त्यांनी आधी आमच्या शेगडीत कुठला गॅस येतो ते विचारलं, मग पेलाग्रातल्या परिचारकांबद्दल: “त्यांना होत नव्हता, कारण ते घरी जेवत असतील.” भाची अजून स्टर्लिंगमधल्या तरुण स्त्रियांवर अडली आहे. १९७० ते ९२ मध्ये त्यांच्या आयुष्यात काय बदललं यावर कुणाचं वाचन असेल तर लिहा, धागा उघडा ठेवते.